रुळांच्या पश्चिमेला

गेल्या वर्षीची दिवाळी आम्ही शेन्यांगला केली. हे सांगितलं की समोरचा हमखास विचारतो, "म्हणजे शेन्झेन का?" नाही, शेन्यांगच. चीनच्या ईशान्येला, जुन्या मांचुरियात; बीजिंगहून वेगवान रेल्वेने तीनेक तासांवर. माझा नवरा गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या कंपनीत आहे आणि शेन्यांगला जर्मन गाड्या तयार होतात, त्यामुळे सप्टेंबरअखेरीपासून सहा आठवडे त्याचा मुक्काम तिकडे होता. इथे म्युनिकमध्ये शाळांना शरद ऋतूची सुट्टी लागली तशी मी आणि आमचा आठ वर्षांचा लेक त्याच्याकडे गेलो. बॅगेत चकल्या, शंकरपाळे, उटण्याची पुडी आणि एक मोती साबण. कस्टमच्या बाईंनी उटण्याची पुडी दोनदा हुंगून पाहिली आणि हसून परत दिली.

शेन्यांगला पाहण्यासारखं एकच, असं सगळे सांगतात: छिंग घराण्याचा जुना राजवाडा. बीजिंग ताब्यात येण्याआधी ते सम्राट इथे राहत. सुंदर आहे, एका दिवसात होतो, फोटो छान येतात. त्याबद्दल मी इथे लिहिणार नाही. मला जायचं होतं ते तिएशीला. 'तिए' म्हणजे लोखंड, इथे लोहमार्ग. 'शी' म्हणजे पश्चिम. रुळांच्या पश्चिमेचा भाग. शहराचा कारखान्यांचा भाग. आणि तिथे जायचं होतं ते नऊ तासांच्या एका माहितीपटामुळे.

तो माहितीपट मला माझ्या जर्मनच्या वर्गातल्या मैत्रिणीने दिला. ती शेन्यांगची. वर्गात एकदा "वडील काय करत होते" यावर पाच वाक्यं लिहायची होती. तिने लिहिलं, "माझे वडील कारखान्यात होते. मग कारखाना नव्हता." मी माझ्या वहीत पाहिलं. माझीही दोन वाक्यं जवळजवळ तीच होती, फक्त कारखान्याऐवजी गिरणी. त्या दिवशी आम्ही दोघी वर्गानंतर ट्रामच्या थांब्यावर बराच वेळ उभ्या राहिलो. पुढच्या आठवड्यात तिने डीव्हीडीचा संच आणून दिला आणि म्हणाली, "माझ्या नवऱ्याला बघवत नाही. तू बघ."

माहितीपटाचं नाव 'तिएशी छू', म्हणजे तिएशी विभाग. बाहेरच्या जगात 'वेस्ट ऑफ द ट्रॅक्स' म्हणून ओळखतात. दिग्दर्शक वांग बिंग. लांबी नऊ तास अकरा मिनिटं. खरं सांगते, पहिल्या रविवारी मी पाऊण तासात झोपले. आगगाडीच्या पुढच्या टोकावर कॅमेरा ठेवलाय, बर्फ पडतोय, काचेवर थेंब, गाडी हळूहळू कारखान्यांच्या मधून चाललीय. कोणी बोलत नाही, कोणी समजावून सांगत नाही. शाळेत मी आठ वर्षं शिकवलं. पस्तीस मिनिटांच्या तासात विषयप्रवेश पाच मिनिटांत उरकायची सवय. इथे विषयप्रवेशच संपेना. दुसऱ्या रविवारी मी दुपारचा चहा घेऊन बसले आणि मग मात्र उठता आलं नाही.

वांग बिंग १९६७ साली शीआनमध्ये जन्मले. चौदाव्या वर्षी वडील गेले आणि त्यांच्या जागी, आपण ज्याला अनुकंपा तत्त्वावरची नोकरी म्हणतो तशी, बांधकामाचे आराखडे करणाऱ्या एका सरकारी संस्थेत हा मुलगा लागला. शाळेच्या वयात पगारावर. तिथे वरच्या शिकलेल्या लोकांमध्ये राहून वाचनाची गोडी लागली, फोटो काढायला लागले, आणि विशी ओलांडल्यावर ती पक्की नोकरी सोडून छायाचित्रण शिकायला शेन्यांगच्या लू शुन कला अकादमीत आले. लू शुन हे चीनचे मोठे लेखक. अकादमी त्यांच्या नावाची. विद्यार्थी असताना फोटोंसाठी ते तिएशीत भटकत. पुढे बीजिंगच्या चित्रपट अकादमीत काही काळ शिकले, पण काम जमेना. १९९९ च्या अखेरीस, बत्तीस वर्षांचे असताना, एक छोटा डिजिटल व्हिडिओ कॅमेरा भाड्याने घेऊन ते तिएशीला परत आले. हातात कुठल्या चॅनेलचं काम नाही, मागे कुठली संस्था नाही. २००१ पर्यंत ते तिथेच चित्रण करत राहिले. जमा झालं सुमारे तीनशे तासांचं चित्रण.

माणसं त्यांना आत कशी येऊ देत होती, हा प्रश्न मला पडला होता. उत्तर माहितीपटात दिसतं. कामगार कपडे काढून अंघोळीला जातात, पत्ते खेळतात, भांडतात, शिव्या देतात, आणि कॅमेऱ्याकडे बघतसुद्धा नाहीत. रोज येणाऱ्या माणसाकडे कोण बघतं? कॅमेरा लहान, माणूस एकटा, आणि तो कसलीही घाई करत नाही.

तिएशीचा इतिहास थोडक्यात सांगते. इथले कारखाने मुळात जपान्यांनी १९३० च्या दशकात, मांचुरिया त्यांच्या ताब्यात असताना, युद्धाचा माल बनवायला उभारले. १९४९ नंतर ते सरकारी झाले आणि सोव्हिएत मदतीने वाढले. त्या मदतीत हरलेल्या जर्मनीतून उखडून आणलेली यंत्रंही होती, असं माहितीपटाच्या सुरुवातीच्या मजकुरात आहे. जर्मनीतून शेन्यांगला गेलेली यंत्रं, आणि आता जर्मनीतून शेन्यांगला जाणारा माझा नवरा! १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला या एका भागात जवळपास दहा लाख कामगार होते. घर कारखान्याचं, दवाखाना कारखान्याचा, पोरांची शाळा कारखान्याची. मग नव्वदच्या दशकात सरकारी कारखाने तोट्यात म्हणून एकामागून एक बंद पडत गेले. चीनभर कोट्यवधी कामगार घरी बसले. त्यासाठी चिनीत एक सौम्य शब्द आहे, 'श्यागांग', म्हणजे जागेवरून खाली उतरणं. 'काढून टाकलं' असं कोणी म्हणत नाही. आपल्याकडेही 'गिरणी बंद आहे' असंच म्हणत, 'बंद झाली' नाही. आमच्या घरी ती पंधरा वर्षं 'बंद आहे'च होती.

माहितीपटाचे तीन भाग आहेत. पहिला, 'गंज', चार तासांचा. तो कारखान्यांत घडतो. तांबं-शिसं गाळण्याच्या भट्ट्या, विजेच्या तारांचा कारखाना, पत्रे लाटण्याचा कारखाना. विश्रांतीच्या खोलीत एक कामगार आपल्या आयुष्याबद्दल बोलत बसलाय: शाळा कशी बुडाली, कामाला कसा लागला. तेवढ्यात दार उघडून दुसरा येतो आणि कारखाना बंद होणार असल्याची बातमी देतो. बस्स, एवढंच. पार्श्वसंगीत नाही, रडारड नाही. शिशाच्या धुरात काम केलेल्यांना अंगातलं शिसं काढायला रुग्णालयात पाठवतात. ती त्यांना सुट्टीच वाटते. आवारातल्या तळ्यात मासे धरतात. त्यातला एक जण त्या तळ्यात बुडून मरतो. कारखाना बंद झाल्यावर कॅमेरा त्याच शेडमध्ये परत जातो, तर आत सगळीकडे गोठलेलं पाणी.

दुसरा भाग वस्तीचा, यानफेन गल्लीचा. यानफेन म्हणजे चेहऱ्याला लावायची लाली-पावडर. नाव इतकं नटवं आणि घरं बैठी, पत्र्याची, कोळशाच्या धुराने काळी. तिथली सोळा-सतरा वर्षांची पोरं व्हॅलेंटाइन दिवसाला कोणाला फूल द्यायचं यात गर्क, आणि मोठी माणसं घरं पाडणार म्हणून मिळणाऱ्या चौरस मीटरचा हिशेब करतायत. काही हटून बसतात, त्यांची वीज आणि पाणी तोडतात. तिसरा भाग मालगाडीवरच्या लोकांचा, सगळ्यात छोटा. त्यात एक म्हातारा आहे, एका डोळ्याने अधू. त्याला सगळे लाओ दू म्हणतात. रुळांलगतच्या खोपटात तो आणि त्याचा सतराएक वर्षांचा मुलगा राहतात आणि रुळांवर सांडलेला कोळसा गोळा करून विकतात. एक दिवस म्हाताऱ्याला पोलीस घेऊन जातात. मुलगा एकटा. तो प्लास्टिकच्या पिशवीतून घरचे जुने फोटो काढतो, एकेक बघतो, आणि रडायला लागतो. बाप सुटून आल्यावर दोघं खानावळीत जेवायला जातात, मुलगा खूप पितो, कोसळतो, आणि तो म्हातारा त्या वाढलेल्या पोराला पाठुंगळी घेऊन अंधारातून घरी जातो. मी हे पाहिलं तेव्हा रात्रीचे साडेअकरा झाले होते. घरातले सगळे झोपले होते. मी बाल्कनीत जाऊन उभी राहिले.

यामुळे तिएशी.

शेन्यांगचं जुनं रेल्वे स्टेशन लाल विटांचं आहे, १९१० चं, जपान्यांनी बांधलेलं. रूळ ओलांडून पश्चिमेला गेलं की तिएशी सुरू. आता खालून मेट्रो जाते. स्थानकांची नावं वाचताना मजा वाटली: बाओगोंग, छिगोंग, झोंगगोंग. शेवटचा 'गोंग' म्हणजे उद्योग, काम. रस्त्यांची नावं उरलीत, कामं गेली. मैत्रिणीने आधीच समजावलं होतं की मधल्या चियानशे रस्त्याच्या उत्तरेला कारखाने आणि दक्षिणेला घरं, अशी या भागाची रचना होती. मी उत्तरेला कारखाने शोधत होते. दिसले उंच इमारतींचे गट, मॉल, लहान मुलांचे इंग्रजीचे वर्ग, आणि पिवळ्याधमक पानांची गिंको झाडं. २००२ पासून कारखान्यांच्या जमिनी विकून, त्या पैशांत उरलेले कारखाने आणखी पश्चिमेला नव्या औद्योगिक भागात हलवले गेले. धातू गाळणाऱ्या कारखान्याची तीन उंच धुराडी शहराची खूण होती, ती २००४ मध्ये पाडली. लोअर परळला उतरलं की मला अशीच दिशाभूल होते. बाबा दाखवतात, "इथे आमचं गेट," आणि तिथे काचेचं दार असतं.

एका जुन्या फाउंड्रीच्या जागेवर आता चीनचं औद्योगिक संग्रहालय आहे. शेड तशीच ठेवलीय, गाडीच्या आकाराचे डबे, क्रेनचे आकडे, भट्ट्या, सगळं पुसूनपासून. लेक खूश. शेडच्या उंचीने मलाही दडपायला झालं. प्रत्येक यंत्रापुढे पाटी: कुठल्या वर्षीचं, किती टनांचं. मी पाट्या फोनवर भाषांतर करून वाचत होते आणि काहीतरी कमी वाटत होतं. काय ते बाहेर पडल्यावर कळलं. आवाज. आणि घाण. आणि शिव्या. वांग बिंगच्या माहितीपटात यंत्रं फारशी कळत नाहीत, कुठली कशासाठी ते शेवटपर्यंत उमगत नाही, पण कोण डबा खाताना मागे टेकून बसतो आणि कोण उकिडवा बसतो हे मला आजही सांगता येईल.

३१ ऑक्टोबर, नरक चतुर्दशी. पहाटे साडेपाचला हॉटेलच्या न्हाणीघरात उटणं लावून अंघोळी झाल्या, चिरडायला कारिट नव्हतं म्हणून लेकाने चेरी टोमॅटो फोडला. दुपारी मैत्रिणीच्या आईवडिलांकडे गेलो. त्यांना मी काका-काकूच म्हणत होते. चिनीतही वडिलांच्या वयाच्या माणसाला 'शूशू', काकाच म्हणतात. तिसऱ्या मजल्यावरचं दोन खोल्यांचं घर. घर गार. शेन्यांगमध्ये शहराची सार्वजनिक उष्णता १ नोव्हेंबरला सुरू होते, एक दिवस आधी नाही. काकूंनी माझ्या मांडीवर रजई टाकली आणि समोर सूर्यफुलाच्या बिया ठेवल्या. मी चकल्या दिल्या. काकांनी एक चकली उलगडल्यासारखी करून पाहिली आणि विचारलं, साचा पितळेचा की लोखंडाचा? फिटरच ते. बावीस वर्षं एका कारखान्यात होते, पंचेचाळीसाव्या वर्षी घरी बसले. मग तीनचाकी चालवली, मग एका भाजीबाजारात पहारा केला.

बोलणं फोनवरच्या भाषांतराने आणि मधूनमधून म्युनिकमधून मैत्रिणीच्या व्हिडिओने. तिच्याकडे सकाळचे आठ वाजले होते, मुलांचे डबे भरता भरता ती दुभाष्याचं काम करत होती. मी माहितीपटाबद्दल विचारलं. काकांनी तो पाहिलेला नाही. नऊ तासांचा आहे म्हटल्यावर ते हसले. "मी बावीस वर्षं पाहिलं," म्हणाले. मी विचारलं, तेव्हा कॅमेरा घेऊन फिरणारा तरुण कधी दिसला होता का? नाही म्हणाले, मग थोडं थांबून म्हणाले, कोणी आलाही असेल, तेव्हा मान वर करून बघायची कोणाला पडली होती?

वांग बिंगचा माहितीपट चीनमध्ये चित्रपटगृहात लागलेला नाही. त्यासाठी सरकारी परवान्याचा शिक्का लागतो आणि ते तो मागत बसले नाहीत. पाच तासांची पहिली आवृत्ती २००२ मध्ये बर्लिनला दाखवली गेली, मग रॉटरडॅम महोत्सवाच्या निधीतून मदत मिळाली आणि २००३ मध्ये पूर्ण नऊ तासांची तिथेच झळकली. त्याच वर्षी जपानमधल्या यामागाता महोत्सवात तिला सर्वोच्च पुरस्कार मिळाला. जपान्यांनी वसवलेल्या वस्तीची अखेर जपानमध्ये गौरवली गेली, हा योगायोग मला कसाबसाच वाटतो. चीनमध्ये चित्रपटवेडे लोक अशा कलाकृती चोरट्या डीव्हीडींवर आणि छोट्या खासगी खेळांतून बघायचे. बीजिंगजवळच्या सोंगझुआंगमध्ये स्वतंत्र चित्रपटांचा एक महोत्सव भरायचा, तोही २०१४ मध्ये बंद पाडण्यात आला. म्हणजे ज्यांच्यावर तो माहितीपट आहे त्यांनी तो पाहिलेला नाही, आणि मी म्युनिकमध्ये सोफ्यावर बसून पाहिला. याचं काय करायचं ते मला समजत नाही.

परतताना काका आम्हाला यानफेनपर्यंत सोडायला आले. तिथे आता तीसमजली इमारती, खाली फळांची दुकानं. काकांनी हातानेच हवेत बैठी घरं काढून दाखवली. मग कोपऱ्यावरच्या टपरीत नेऊन कोंबडीचा सांगाडा खायला घातला: मांस काढून घेतलेल्या कोंबडीचं उरलेलं हाडकांचं पिंजर, भाजून, तिखट-मीठ-जिरं लावून. इथलं आवडतं खाणं. नोकऱ्या गेल्या त्या वर्षांत मांस परवडायचं नाही, तेव्हा याने घरं तरली, असं मैत्रीण सांगते. आम्ही नरक चतुर्दशीला हे खाल्लं हे सासूबाईंना अजून माहीत नाही, म्हणजे आता कळेल.

वांग बिंग तिएशीवर थांबले नाहीत. त्यानंतरची त्यांची कामं मी मिळतील तशी पाहत गेले. सगळी सारखी आवडली असं नाही. 'मिसेस फांग' या माहितीपटाला २०१७ मध्ये लोकार्नोचा सुवर्ण बिबट्या मिळाला. त्यात स्मृतिभ्रंश झालेल्या एका म्हातारीचे शेवटचे दिवस आहेत, कॅमेरा तिच्या चेहऱ्यावर स्थिर. तिला विचारता येणार नव्हतं, चालेल का म्हणून. घरच्यांनी होकार दिला असला तरी मला ते बघवलं नाही, मी बंद केलं. 'थ्री सिस्टर्स' मात्र पाहावाच: युनानच्या डोंगरात, ३,००० मीटरच्या वर, दहा, सहा आणि चार वर्षांच्या तीन बहिणी, वडील शहरात कामाला, आई निघून गेलेली, दहा वर्षांची ती मोठी बहीण बटाटे भाजते, उवा काढते, शेण गोळा करते. तिथल्या विरळ हवेने वांग बिंग स्वतः आजारी पडले होते. अलीकडची 'यूथ' ही तीन भागांची मालिका झेच्यांगमधल्या झिली गावात लहान मुलांचे कपडे शिवणाऱ्या तरुण पोरापोरींवर आहे. २०१४ ते २०१९ चित्रण केलं, पहिला भाग २०२३ मध्ये कानला स्पर्धेत होता. ते पाहिल्यापासून लेकाच्या जॅकेटची शिवण मी उलटून बघते, तिथले कपडे मुख्यतः चीनमध्येच खपतात हे माहीत असूनही.

पण माझ्या डोक्यात राहिला तो २००७ चा 'फेंगमिंग'. एक म्हातारी बाई, हे फेंगमिंग, हिवाळ्यात आपल्या घरी खुर्चीत बसते आणि बोलते. तीन तास. पन्नासच्या दशकात ती आणि तिचा नवरा वार्ताहर होते. 'उजवे' म्हणून दोघांनाही कष्टाच्या छावण्यांत धाडलं. नवरा गान्सू प्रांताच्या वाळवंटातल्या च्याबिएनगोउ इथे पाठवला गेला आणि तिथल्या उपासमारीत मेला. ती सांगत जाते. कॅमेरा जवळजवळ हलतच नाही. बाहेरचा उजेड कमी होत जातो, ती दिसेनाशी होते, आणि ती बोलतेच आहे. बऱ्याच वेळाने कॅमेऱ्यामागून वांग बिंग हळूच सांगतात, दिवा लावता का. ती उठते, लावते, पुन्हा बसते. दुसरा कोणी असता तर दहाव्या मिनिटाला उठून दिवा लावला असता. मीही. माझी सगळी मास्तरकी त्यात गेली: मुलाने वाक्य अर्धवट सोडलं की मी पूर्ण करून टाकायची.

बाबांचंही मी तेच करत आले. ते एका गिरणीत साचे खात्यात होते. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला तेव्हा सत्तावीस वर्षांचे. त्यानंतर त्यांनी हमाली केली, भाजी विकली, आणि मी शाळेत असताना मुलुंडच्या एका सोसायटीत रात्रपाळीचे पहारेकरी होते. शाळेच्या अर्जात 'वडिलांचा व्यवसाय' या रकान्यात मी 'नोकरी' लिहायची. पुढे शिक्षिका झाल्यावर असे शेकडो अर्ज माझ्या हाताखालून गेले. कोणी 'वॉचमन' लिहिलं की मला त्या मुलाचं कौतुक वाटायचं आणि मी पटकन पुढचा अर्ज घ्यायची. बाबा कधी गिरणीबद्दल बोलायला लागले तर आम्ही भावंडं म्हणायचो, "हो बाबा, माहितीये." आम्हाला काहीही माहीत नव्हतं. आईवडील विषयच काढत नाहीत, असं मैत्रिणीकडे; आणि आमच्याकडे ते काढायचे आणि आम्ही मिटवायचो.

या जानेवारीत कळव्याला गेले तेव्हा एका दुपारी फोन टेबलावर दोन डब्यांच्या आधाराने उभा केला आणि म्हटलं, "बाबा, गिरणीत पहिल्या दिवशी गेलात तेव्हापासून सांगा." ते म्हणाले, "कशाला? कुठे द्यायचंय?" मी म्हटलं, "कुठे नाही." आधी त्यांनी भाषण केल्यासारखं सुरू केलं, कामगार चळवळ वगैरे. मी गप्प राहिले, जिभेचं टोक दातांत धरून. मग हळूहळू साच्यांवर आले. बदलीचा बिल्ला कसा मिळाला, चुलत्याने कोणाला किती दिले, साच्यांच्या आवाजात ओठांवरून बोलणं कसं ओळखायचं, तुटलेला धागा न बघता कसा जोडायचा. बोटांनी करून दाखवलं. सत्तरीतली ती बोटं इतकी भरभर चालताना मी कधी पाहिली नव्हती. आई स्वयंपाकघरातून दोनदा "चहा ठेवू का?" विचारून गेली, मी हातानेच नाही म्हटलं. संध्याकाळ झाली, खोलीत अंधार होत आला, मी उठले नाही. संपाच्या दुसऱ्या वर्षापर्यंत आलो आणि फोनने टिंग केलं: जागा संपली. एक तास बारा मिनिटं झाली होती.

बाबांनी फोनकडे पाहिलं. "बंद पडला?"

"हो."

"बरं झालं," ते म्हणाले, उठले, ट्यूबलाइट लावली आणि परत येऊन बसले. "आता ऐक."

ते साडेआठपर्यंत बोलले. काय, ते इथे लिहीत नाही.

दुसऱ्या दिवशी मी फोनमधले लेकाचे सगळे गेम काढून टाकून जागा केली. लेक रुसला. जेवणं झाल्यावर बघते तर बाबा दाढी करून, इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून त्याच खुर्चीत बसले होते, आणि ते दोन डबे त्यांनीच टेबलावर आणून ठेवले होते.